हंसविणारे लोकशाहीर अण्णाभाऊ साठे

मनुष्यास रडविणें सोपें, परंतु हंसविणें कठीण, असें जाणते लोक सांगत आले आहेत. तथापि त्याहूनहि कठीण असें एक काम आहे. ज्यांच्यावर जग पिढ्यान्‌पिढ्या हंसत आलें, त्याच लोकांना मान वर करून मोकळेपणानें हंसावयास शिकविणें, हें तें काम होय. तें ज्यांनीं केलें, अशा एका पुरुषाचें चरित्र येथें थोडक्यांत सांगावयाचें आहे. त्यांचें मूळ नांव तुकाराम भाऊराव साठे. परंतु महाराष्ट्र त्यांना अण्णाभाऊ साठे या नांवानें ओळखतो. कादंबरीकार म्हणून त्यांचें नांव बहुतेक विद्यार्थ्यांस ठाऊक असतें. परंतु कादंबरीकार म्हणून नांवारूपास येण्यापूर्वीं ते तमाशाच्या बोर्डावर उभे राहून लोकांना हंसविणारे नट, खड्या आवाजाचे गायक आणि हातीं येईल तें वाद्य वाजविणारे कलावंत होते, ही गोष्ट मात्र पुष्कळांच्या ध्यानांत नसते. त्यांच्या आयुष्याच्या त्याच बाजूकडे या लेखांत अधिक लक्ष द्यावयाचें आहे.

कृष्णा व वारणा या दोन नद्यांच्या मधल्या मुलुखांत वाळवें तालुका आहे. या तालुक्यांतील वाटेगांव या खेड्यांत १ ऑगस्ट १९२० रोजीं अण्णाभाऊंचा जन्म झाला. त्या वेळीं हा तालुका सातारा जिल्ह्यांत मोडत असे. पुढें १९४९ सालीं सातारा जिल्ह्याचे दोन भाग होऊन दक्षिण सातारा हा निराळा जिल्हा झाला, आणि १९६० सालीं त्यालाच सांगली हें नांव मिळालें. म्हणून सातारकर अण्णाभाऊंना आपले म्हणतात, आणि सांगलीकरहि आपले म्हणतात. आणि दोघांचेंहि म्हणणें खरें आहे.

हा मुलूख मूळचाच रंगभूमीचा भक्त. सांगलीच्या राजवाड्यांत १८४३ सालीं विष्णुदास भावे यांनीं सीतास्वयंवराचा खेळ करून मराठी नाटकाचा पाया घातला. वाळवें तालुक्यांतल्याच रेठरें हरणाक्ष या गांवीं १८६६ सालीं श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी यांचा जन्म झाला. ब्राह्मणाच्या घरांतला हा मुलगा घरदार व मानमरातब सोडून तमाशाच्या फडांत शिरला, आणि पठ्ठे बापूराव या नांवानें लावणीचा सम्राट म्हणून गाजला. एकाच तालुक्यानें महाराष्ट्राला असे दोन शाहीर दिले. एकानें कलेसाठीं वरची जागा सोडली; दुसऱ्याला जन्मतः कोणतीच जागा नव्हती, आणि त्यानें कलेच्या बळावर ती मिळविली.

अण्णाभाऊंचा जन्म मातंग समाजांत झाला. वडील भाऊराव मुंबईस राबून चार पैसे घरीं पाठवीत, आणि आई वालबाई गांवीं मोलमजुरी करून मुलांना वाढवीत. दोर वळणें, केरसुण्या बांधणें, गांवाची राखण करणें आणि लग्नकार्यांत वाजविणें, हीं या समाजाकडे परंपरेनें आलेलीं कामें. ज्यांच्या हलगीवांचून गांवचें कोणतेंहि मंगल कार्य सुरू होत नसे, त्यांनाच त्या मांडवांत बसण्याची मुभा नसे. तेवढ्यानेंहि भागलें नाहीं. इंग्रज सरकारनें १८७१ सालीं एक कायदा केला होता, आणि कांहीं जमातींच्या माणसांना केवळ जन्मावरून गुन्हेगार ठरविलें होतें. त्या कायद्याचा जाच या भागांतील गोरगरिबांनाहि सोसावा लागला. पोलिसांकडे हजेरी देणें आणि कोठें चोरी झाली कीं आधीं यांच्याच झोपड्या धुंडाळणें, हें नेहमींचें होतें. स्वतंत्र भारतानें १९५२ सालीं हा कायदा रद्द केला.

वाटेगांवांत फकिरा नांवाचा एक शूर पुरुष होऊन गेला. दुष्काळांत उपाशी मरणाऱ्या आपल्या लोकांसाठीं त्यानें सरकारविरुद्ध बंड केलें. अण्णाभाऊंचा जन्म झाला त्याच वेळीं हा फकिरा त्यांच्या घरीं आला, आणि बाळंतिणीच्या घरांत कांहीं नाहीं असें पाहून त्यानें ओंजळ भरभरून रुपये दिले, अशी आठवण त्यांच्या घरांत सांगत असत. अण्णाभाऊंनीं ती आयुष्यभर जपली, आणि पुढें आपल्या सर्वांत प्रसिद्ध कादंबरीचा नायक त्यालाच केलें.

अण्णाभाऊ शाळेंत किती दिवस गेले, याचें उत्तर विद्यार्थ्यांनीं ऐकण्यासारखें आहे. ते अवघे दीड दिवस शाळेंत गेले, असें सांगतात. हलक्या मानलेल्या जातीच्या मुलाला वर्गाबाहेर किंवा दूर कोपऱ्यांत बसावें लागे, आणि मास्तरांचा राग मात्र सर्वांआधीं त्याच्या वांट्याला येई. मानी स्वभावाच्या त्या मुलाला हें सहन झालें नाहीं. त्यानें शाळेकडे पाठ फिरविली ती कायमची. परंतु शाळा सुटली म्हणून शिकणें सुटलें नाहीं. दांडपट्टा खेळणें, रानांत भटकून पाखरें व झाडें ओळखणें, जत्रेंतले पोवाडे व लावण्या एकदां ऐकून पाठ करणें, हा त्याचा अभ्यासक्रम होता.

१९३१-३२ च्या सुमारास भाऊरावांनीं कुटुंबाला मुंबईस न्यावयाचें ठरविलें. आगगाडीच्या तिकिटाला पैसे नव्हते. तेव्हां वाटेगांवाहून हें कुटुंब पायीं निघालें. सुमारें दोनशें मैलांची ती वाट. मिळेल तेथें मजुरी करावी, मिळेल तें खावें आणि पुढें चालावें, असें करीत तीं माणसें मुंबईस पोंचलीं. तेथें अकरा-बारा वर्षांच्या त्या मुलानें काय काय कामें केलीं, त्यांची यादी मोठी आहे. त्यानें कोळसे वेंचले, ओझीं वाहिलीं, फेरीवाल्याचें गांठोडें उचललें, आणि पुढें तो गिरणीकामगार झाला. दुकानांवरच्या पाट्या आणि चित्रपटांच्या जाहिराती यांवरून अक्षरें जुळवीत जुळवीत तो वाचावयास शिकला. ज्या शहरानें त्याला राहावयास धड जागा दिली नाहीं, त्याच शहराच्या भिंती त्याची पाटी झाल्या.

मुंबईंत अण्णाभाऊंना दोन गोष्टी भेटल्या. एक कामगारांची चळवळ आणि दुसरी त्या चळवळीला लागणारी गाणीं. माटुंग्याच्या लेबर कॅम्पांत गरीब कामगारांची वस्ती होती. तेथील कम्युनिस्ट कार्यकर्त्यांच्या संगतींत ते आले, वाचूं लागले, आणि सभांतून गाऊं लागले. त्यांचें पहिलें गाणें कोणत्या विषयावर होतें, हें ऐकून वाचकांस हंसूं येईल. तें त्या लेबर कॅम्पांतील मच्छरांवर होतें, असें सांगतात. पण त्यांतला मार्मिकपणा पाहण्यासारखा आहे. आपल्या वस्तींत घाण आहे, गटारें तुंबलीं आहेत, आणि कोणी दाद घेत नाहीं, अशी रडकथा त्यांना सांगतां आली असती. परंतु नुसती रडकथा लोक ऐकतात आणि विसरतात. मच्छराची थट्टा मात्र तोंडोतोंडीं होते, आणि हंसतां हंसतां गटाराचाहि विचार डोक्यांत शिरतो. अण्णाभाऊंच्या पुढील सर्व विनोदाचें बीज या एका गाण्यांत आहे.

मध्यंतरीं ते कांहीं काळ गांवीं परत आले. त्यांचे चुलतभाऊ बापू साठे यांचा तमाशाचा फड होता. त्या फडांत ते सामील झाले, आणि येथेंच त्यांच्या अंगच्या गुणांना खरी वाट मिळाली. ते गात होते, सोंगें वठवीत होते, ढोलकी, तबला, पेटी अशीं वाद्यें वाजवीत होते. फडांत एखादा गडी आला नाहीं, तर त्याची जागा भरून काढण्याची त्यांची तयारी असे. गुरूजवळ बसून केलेलें हें शिक्षण नव्हतें. कान, डोळे आणि हात सतत उघडे ठेवून मिळविलेली ही विद्या होती.

आजच्या विद्यार्थ्यांनीं खरा जुना तमाशा क्वचितच पाहिलेला असेल. म्हणून त्याची मांडणी येथें सांगितली पाहिजे. प्रथम ढोलकी व हलगी यांची जुगलबंदी होते, आणि तुणतुण्याच्या व झांजेच्या साथीवर गण म्हणतात. गण म्हणजे गणपतीचें स्तवन. त्यानंतर गौळण येते. मथुरेच्या बाजाराला दूधदही घेऊन निघालेल्या गौळणी, त्यांची मावशी, वाट अडविणारा कृष्ण आणि त्याचा बोबडा सवंगडी पेंद्या, असा हा थट्टामस्करीचा भाग असतो. मग लावण्या व बतावणी, आणि शेवटीं वग. वग म्हणजे तमाशांतलें नाटक. त्याचें कथानक ठरलेलें असे, परंतु संवाद लिहिलेले नसत. नट ते जागच्या जागीं रचीत. त्यामुळें समोर कोण बसलें आहे, गांवांत कालपरवां काय घडलें आहे, हें पाहून बोलण्याची हुशारी नटांच्या अंगीं लागे.

या सगळ्यांत मोलाचा गडी म्हणजे सोंगाड्या. राजा असो, प्रधान असो वा सावकार असो, सोंगाड्या त्याच्याजवळ उभा राहतो आणि वेडगळ प्रश्न विचारतो. तो प्रत्येक शब्दाचा भलताच अर्थ लावतो. राजानें एक हुकूम सोडला, कीं हा दुसराच कांहीं तरी समजतो, आणि लोक पोट धरून हंसतात. सोंगाड्या मूर्ख दिसतो, पण तो मूर्ख नसतो. शहाण्याला जें बोलण्याची भीति वाटते, तें वेड्याच्या सोंगाखालीं बोलतां येतें, हें त्याच्या कलेचें रहस्य आहे. या कामाला अंगीं पुष्कळ गुण लागतात. ढोलकीच्या तालावर पाऊल पडलें पाहिजे, गाण्याची ओळ वेळेवर उचलतां आली पाहिजे, आणि समोरच्याचें वाक्य संपतांच उत्तर तयार पाहिजे. क्षणभर उशीर झाला कीं विनोद मेला. ज्याला ताल कळत नाहीं, त्याला विनोदहि साधत नाहीं, असें म्हटलें तरी चालेल. अण्णाभाऊंच्या ठिकाणीं गायक, वादक, नट आणि विनोदकार हे चारहि एकत्र आले होते, याचें महत्त्व यावरून कळेल.

परंतु त्या जुन्या विनोदाची एक उणीव होती. हंसविण्याचें सामर्थ्य मोठें असलें, तरी तें पुष्कळदां दुबळ्यांवरच चाले. बोबडा, लंगडा, अडाणी खेडूत आणि बायाबापड्या यांची टिंगल करून बिदागी देणाऱ्यांना खूष करावें, आणि खेळ संपला कीं त्यांच्याच दारांत हात पसरावा, हें तमाशा करणाऱ्या गरीब कलावंतांचें जीवन होतें. अण्णाभाऊंनीं हा विनोद उलट्या दिशेला वळविला. त्यांनीं वगांतील अडाणी माणसाला शहाणें केलें, आणि शहाणपणाचा टेंभा मिरविणाऱ्याला हंसण्याचा विषय केलें. त्यांच्या कलाजीवनाचें सार या एका गोष्टींत आहे.

१९४२ सालीं देशांत स्वातंत्र्याचें आंदोलन पेटलें. सातारा जिल्ह्यांत तर क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखालीं प्रतिसरकार उभें राहिलें. त्या धामधुमीच्या काळांत अण्णाभाऊंची लेखणी जोमानें चालूं लागली. दुसऱ्या महायुद्धांत रशियांतील स्तालिनग्राड या शहरानें जर्मन सैन्याला जी झुंज दिली, तिच्यावर त्यांनीं एक पोवाडा रचला आणि तो कामगारवस्त्यांतून अतिशय गाजला. १९४३ च्या बंगालच्या भीषण दुष्काळावरहि त्यांनीं काव्य लिहिलें. पुढच्या वर्षीं, म्हणजे १९४४ सालीं, शाहीर अमर शेख आणि शाहीर द. ना. गव्हाणकर यांच्यासह त्यांनीं लाल बावटा कलापथकाची स्थापना केली. अमर शेखांचा बुलंद आवाज, गव्हाणकरांची रचना आणि अण्णाभाऊंची लेखणी व सोंग, असा हा मिलाफ होता. गिरणगांवांतील मैदानांत हजारों कामगार त्यांच्या खेळांना जमत. थिएटर नाहीं, पडदे नाहींत, चार फळ्यांचा मंच आणि दिवे एवढ्यावर हे कार्यक्रम होत.

या पथकासाठीं अण्णाभाऊंनीं एकामागून एक वग लिहिले. ‘अकलेची गोष्ट’ हा त्यांतला आरंभींचा. १९४५ सालीं टिटवाळें येथें भरलेल्या किसान परिषदेंत तो झाला. ‘शेटजींचे इलेक्शन’, ‘देशभक्त घोटाळे’, ‘बेकायदेशीर’, ‘पुढारी मिळाला’, ‘माझी मुंबई’, ‘मूक मिरवणूक’, ‘लोकमंत्र्यांचा दौरा’ आणि ‘खापऱ्या चोर’ हे त्यांचे आणखी कांहीं वग होत. यांतील कित्येक नांवें वाचूनच ओठांवर हंसूं फुटतें. देशभक्ताचें आडनांवच घोटाळे असल्यावर पुढें काय होणार, हें सांगावयास नको. पौराणिक राजे व प्रधान त्यांनीं बाजूस सारले. त्यांच्या जागीं सावकार, शेटजी, मतें मागणारा पुढारी, दौऱ्यावर निघालेला मंत्री आणि त्यांच्यासमोर उभा असलेला साधा शेतकरी किंवा गिरणीकामगार आला. सोंगाड्याचे ते जुने भाबडे प्रश्न आतां या साध्या माणसाच्या तोंडीं आले. तुम्ही धान्य पिकवीत नाहीं, मग तुमचीं कोठारें कशीं भरतात? निवडणूक आली कीं आमच्या गल्लीची वाट तुम्हांला कशी सांपडते? असले प्रश्न या विनोदाच्या मुळाशीं असत. प्रश्न ऐकून प्रेक्षक हंसत, आणि हंसणें ओसरल्यावर विचारांत पडत.

तमाशाच्या मांडणींतहि त्यांनीं धीट बदल केले. गणामध्यें देवतास्तवनाऐवजीं मातृभूमीला, देशासाठीं झटलेल्या वीरांना आणि राबणाऱ्या माणसांना वंदन आलें. कृष्ण व गौळणी यांच्या थट्टेचा भाग त्यांनीं वगळला. स्त्रियांच्या अंगविक्षेपावर हंसविण्याची सवय सोडावयास लावली. एरव्हीं सभ्य कुटुंबांतील माणसें तमाशाचें नांव काढलें तरी नाक मुरडीत. परंतु अण्णाभाऊंचे वग आईबापांनीं मुलांना जवळ बसवून पाहावेत असे झाले. शिवाय त्यांचे वग लिहून छापले गेले. जें आजवर नटाच्या तोंडीं जन्मून हवेंत विरत होतें, तें कागदावर आलें आणि टिकलें. मात्र ढोलकी, हलगी व तुणतुणें यांना त्यांनीं हात लावला नाहीं. तमाशाचें अंतरंग बदललें, पण त्याचा जुना रांगडा ठसका त्यांनीं कायम ठेवला. लोकांच्याच ओळखीच्या वाटेनें त्यांना नव्या मुक्कामाला नेण्याचें शहाणपण त्यांच्या ठिकाणीं होतें.

असला विनोद सत्ताधाऱ्यांना रुचणें कठीण होतें. स्वातंत्र्यानंतर मुंबई सरकारनें तमाशावर बंदी घातली, आणि लाल बावटा कलापथकाच्या कार्यक्रमांवरहि बंदीची कुऱ्हाड कोसळली. शेंकडों गरीब कलावंतांच्या पोटावर पाय आला. येथें अण्णाभाऊंच्या बुद्धीचें चातुर्य दिसून येतें. तमाशा नको ना, मग हा तमाशा नव्हे, हें लोकनाट्य आहे, अशी त्यांनीं भूमिका घेतली. नांव बदललें आणि खेळ चालू राहिला. तमाशाच्या या सुधारलेल्या प्रकाराला लोकनाट्य हें नांव रूढ करण्याचें श्रेय त्यांनाच दिलें जातें. गंमत अशी कीं, बंदी चुकविण्यासाठीं पुढें आलेला हा शब्द पुढें मराठी रंगभूमीवर मानानें नांदूं लागला. सोंगाड्यानें राजाच्या हुकुमाचा निराळाच अर्थ लावावा, तसाच हा प्रकार होता. फरक एवढाच कीं, हा वग खऱ्या आयुष्यांत घडला.

पुढें संयुक्त महाराष्ट्राची चळवळ उभी राहिली. मुंबईसह मराठी भाषिकांचें एक राज्य व्हावें, यासाठीं खेडोपाडीं सभा होऊं लागल्या. अमर शेख, गव्हाणकर आणि अण्णाभाऊ हे या चळवळीचे आघाडीचे शाहीर होते. अण्णाभाऊंची ‘माझी मैना’ ही छक्कड या काळांत घरोघर पोंचली. पोटासाठीं मुंबईला आलेल्या गड्याची बायको गांवीं मागें राहिली आहे, आणि तिच्या आठवणीनें तो व्याकुळ झाला आहे, असा तिचा आरंभ आहे. ऐकणाऱ्याला वाटतें कीं ही एक विरहाची लावणी आहे. परंतु बघतां बघतां ती मैना म्हणजे मराठी मुलखाचा तुटलेला भाग होते, आणि एका मजुराचें दुःख सबंध महाराष्ट्राचें दुःख होऊन जातें. १ मे १९६० रोजीं महाराष्ट्र राज्य स्थापन झालें. बेळगांव व कारवार हा भाग मात्र त्यांत आला नाहीं. म्हणून त्या छक्कडींतील हुरहूर तिकडे अजूनहि शिळी झालेली नाहीं.

याच सुमारास त्यांच्या कादंबऱ्याहि प्रसिद्ध होत होत्या. त्यांनीं तीसाहून अधिक कादंबऱ्या लिहिल्या, शिवाय कथासंग्रह लिहिले. ज्यानें दीड दिवस शाळा पाहिली, त्याच्या नांवावर ही ग्रंथसंपदा आहे. वाटेगांवच्या फकिरावरील ‘फकिरा’ ही कादंबरी १९५९ सालीं आली, ती त्यांनीं डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या लेखणीस अर्पण केली, आणि १९६१ सालीं तिला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. ‘वैजयंता’ या कादंबरींत त्यांनीं तमाशांत नाचणाऱ्या स्त्रीचें जीवन रंगविलें. बोर्डावर उभे राहून जें त्यांनीं जवळून पाहिलें होतें, तेंच तेथें उतरलें. त्यांच्या कित्येक कादंबऱ्यांवर चित्रपट निघाले. १९५८ सालीं मुंबईंत भरलेल्या पहिल्या दलित साहित्य संमेलनाचें उद्घाटन त्यांच्या हस्तें झालें. त्या प्रसंगीं राबणाऱ्या माणसाच्या हातांवरच जग उभें आहे, असा विचार त्यांनीं मांडला. १९६१ सालीं ते रशियाला जाऊन आले, आणि त्या प्रवासाचें वर्णन त्यांनीं पुस्तकरूपानें लिहिलें. पायीं मुंबई गांठणारा मुलगा तीस वर्षांनीं विमानानें मॉस्कोला गेला.

असा लौकिक मिळाला म्हणून त्यांची स्थिति सुधारली असेल, असें वाचकांस वाटेल. तसें झालें नाहीं. घाटकोपरच्या चिरागनगर झोपडपट्टींत ते अनेक वर्षें राहिले, आणि त्यांचें पुष्कळसें लेखन त्या झोपडींतच झालें. पावसाळ्यांत गळणारें छप्पर, शेजारचा कलकलाट आणि अपुरा उजेड, अशा स्थितींत बसून त्यांनीं महाराष्ट्राला हंसविलें व रडविलें. पुस्तकें खपत, चित्रपट चालत, परंतु लेखकाच्या पदरीं पैसा फारसा पडत नसे. आणि पडला तर तो टिकत नसे. शेवटच्या काळांत प्रकृति ढासळली आणि मनहि खचलें. अखेरीस सरकारनें गोरेगांवच्या सिद्धार्थनगरांत त्यांना लहानसें घर दिलें. तेथें १८ जुलै १९६९ रोजीं त्यांचें निधन झालें. त्यांना एकूणपन्नास वर्षेंहि पुरीं झालीं नव्हतीं. त्यांचे सोबती अमर शेखहि त्याच वर्षीं ऑगस्ट महिन्यांत अपघातांत गेले. एकाच पावसाळ्यांत महाराष्ट्रानें आपले दोन मोठे शाहीर गमावले.

मृत्यूनंतर मात्र मान भरपूर मिळाला. १ ऑगस्ट २००२ रोजीं भारताच्या टपाल खात्यानें त्यांच्या स्मरणार्थ चार रुपयांचें तिकीट काढलें. २०२० सालीं त्यांच्या जन्माला शंभर वर्षें पूर्ण झालीं. २०२२ सालीं मॉस्को येथील परकीय साहित्याच्या ग्रंथालयांत त्यांचा पुतळा बसविण्यांत आला. हें सर्व योग्यच झालें. परंतु हयातींत ज्याला कोरडी जागा मिळाली नाहीं, त्याचे पुतळे मागाहून उभारतांना समाजानें थोडें लाजावें, हेंहि योग्यच होईल. आपल्या गांवच्या जत्रेंत आजहि कोणी ढोलकी वाजवितो, कोणी सोंग घेतो. तो आपल्याला घटकाभर हंसवून जातो. तो कोठें राहतो, त्याचीं मुलें शाळेंत जातात कीं नाहीं, हें आपण विचारतों काय?

अण्णाभाऊंच्या मतांविषयीं दुमत असूं शकतें. त्यांचा राजकीय पक्ष सर्वांना मान्य होता असेंहि नाहीं. परंतु त्यांच्या चरित्रांतून दोन गोष्टी कोणत्याहि घरांतल्या मुलामुलींनीं उचलण्यासारख्या आहेत. पहिली अशी कीं, शिकण्याची खरी तळमळ असेल, तर दुकानाची पाटीहि गुरु होते. मग ज्यांना शाळा, शिक्षक आणि पुस्तकें लाभलीं आहेत, त्यांनीं आपल्या भाग्याचा किती उपयोग करावा! आणि ज्या शाळेच्या दारांतून एक तुकाराम दीड दिवसांत परत फिरला, तसें दार आपल्या शाळेचें कधींहि होऊं नये, हीहि जबाबदारी त्यांचीच आहे. दुसरी गोष्ट विनोदाची. वर्गांत थट्टा करावयाची लहर सर्वांनाच येते. ती लहर अडखळत बोलणाऱ्या मुलावर, फाटका सदरा घातलेल्या मुलावर किंवा खेड्यांतून नुकत्याच आलेल्या मुलावर धांवते, कारण तेथें उलट मार बसण्याचें भय नसतें. अण्णाभाऊंनीं ही सोपी थट्टा कधीं केली नाहीं. त्यांचा विनोद नेहमीं आपल्याहून बलवान असलेल्यावर चालून गेला, आणि त्याची किंमत त्यांनीं स्वतः मोजली. हंसविण्याचा हा कस ध्यानांत ठेवून जो मुलगा किंवा जी मुलगी आपल्या सोबत्यांना हंसवील, तिच्या विनोदाला सर्वजण हंसतील आणि कोणाच्याहि डोळ्यांत पाणी येणार नाहीं.